एका खराब रस्त्याची फिल्म

फिल्म संपली की पडद्यावर नावं येतात. कॅमेरा अमुक, संकलन तमुक, ध्वनी आणखी कोणी. माझ्या फिल्मच्या शेवटी एकच नाव येतं आणि माणसं उठून चपला शोधायला लागायच्या आत ते जातंसुद्धा. आदिलाबादकडच्या बोथला मी हे काम सुरू केलं तेव्हा कामं वाटून घ्यायला दुसरं कोणी नव्हतंच. कॅमेरा मी धरायचा, दिवे मी लावायचे, आवाज मी भरायचा, जुळवाजुळव मी करायची, गाणं कमी पडलं तर चार ओळी मीच लिहायच्या आणि गायला कोणी मिळालं नाही तर घसा साफ करून मीच उभं राहायचं. यातलं तुम्हाला चांगलं काय येतं, असं कोणी विचारलं तर मी सांगतो, सगळं. लोकांना वाटतं मी चेष्टा करतोय. मी अजिबात चेष्टा करत नसतो.

सुरुवात ब्रशनं झाली. दुकानांच्या पाट्या रंगवायचो. तेलुगू म्हणा, मराठी म्हणा, हिंदी म्हणा, मागाल त्या लिपीत. वडील शाळेत मास्तर होते, त्यांच्या मते पोरगा वाया गेला होता. पण अक्षरं वळवता वळवता मला एक गोष्ट कळली आणि ती जन्मभर पुरली. पाटीसमोर उभं राहून पाटी कोणीच वाचत नाही, माणूस ती चालता चालता वाचतो. तेव्हा चालणाऱ्याला किती दिसतं ते आधी बघायचं आणि मग रंगात ब्रश बुडवायचा. पुढं हातात कॅमेरा आला तेव्हाही मी हेच केलं. नेरडीगोंड्यापासून उटनूरपर्यंतची लग्नं घेतली, हळदीपासून पाठवणीपर्यंत. माझ्या व्हिडिओत पंगत कधी कंटाळवाणी झाली नाही, हे मी छातीवर हात ठेवून सांगतो.

मग नवीन राज्य झालं आणि टाकून दिलेला ब्रश पुन्हा बाहेर काढावा लागला. कचेऱ्या, शाळा, सोसायट्या, अगदी कोपऱ्यावरच्या किराणा दुकानापर्यंत सगळ्यांना पाटीवरचं आंध्र प्रदेश पुसून तेलंगणा लिहून हवं होतं. दिवसभर मी शिडीवर आणि संध्याकाळी लग्नात. माझी चांदी झाली आणि एका फिल्मचं वाटोळं झालं. त्या काळात मी स्वतःची एक फिल्म करत होतो, रिकाम्या वेळात, तुकड्या-तुकड्यांनी, गावातलीच माणसं घेऊन. तिच्यातला नायक एका कचेरीत जातो आणि थोड्या वेळानं बाहेर येतो. जातो तो जुन्या राज्यातल्या दारातून आणि येतो तो नव्या राज्यातल्या दारातून. मधल्या काळात पाटी बदलली होती आणि बदलणारा मीच होतो.

अशा फिल्मा मी बऱ्याच केल्या. हैदराबादला दाखवायला नेली की लोक म्हणत, ही तर मराठी. नागपूरला नेली की म्हणत, हे कुठलं मराठी? मी सांगायचो, आमच्या घरातलं. आणि गाशा गुंडाळून पहिल्या बसनं परत यायचो. मला त्याचं फारसं वाईट वाटलं नाही. आमच्या तालुक्यात माझ्या फिल्मा लोकांनी उभं राहून पाहिल्यात, आणि उभं राहून पाहिलेली फिल्म चांगलीच असावी लागते, नाहीतर माणूस घरी जातो.

पण खरं नाव झालं ते एका हेलिकॉप्टरनं. एका कापूस व्यापाऱ्याच्या घरचं लग्न होतं. नवरदेव साध्या जीपमधून आला होता, मी त्याला व्हिडिओत हेलिकॉप्टरमधून उतरवला. इतका साफ उतरवला की नवरीकडच्या म्हाताऱ्या शपथेवर सांगत, धूळ उडाली तेव्हा आम्ही पदर तोंडावर घेतला होता. त्यानंतर प्रत्येकाला हेलिकॉप्टर हवं झालं. जे पाहुणे रुसून आलेच नाहीत त्यांनाही मी पंगतीत बसवून द्यायचो. ऐन मांडवात पडलेला पाऊस पुसून टाकायचो. संगणकावर बसलो की मी कोणाला ऐकत नाही, असं बायको म्हणते, आणि ते बरोबर आहे.

राज्य होऊन फार काळ गेला नाही तोच जिल्हे फुटले. आमच्या एका आदिलाबादचे चार झाले. त्याबरोबर नवी मंडलंही निघाली. मंडल म्हणजे आमच्याकडची तहसीलच समजा, दाखला असो की जमिनीचा कागद, सगळ्याला तिथंच जावं लागतं. कोणतं गाव कोणत्या मंडलात, याची कच्ची यादी लागली आणि ज्यांना मान्य नाही त्यांनी हरकत घ्यावी, असं सांगण्यात आलं. ज्या चावड्यांवर एरवी चिटपाखरू नसतं तिथं माणसं यादीपुढं टाचा उंचावून उभी राहिली.

माझी मोठी बहीण, आम्ही तिला अक्का म्हणतो, तिचं सासर बोथ मंडलातल्या एका खेड्यात आहे. काळी जमीन, कापूस आणि ज्वारी. गावातून बोथला डांबरी रस्ता आहे आणि ऑटो थेट दारात येतो. कच्च्या यादीत हे गाव बोथमधून काढून पलीकडच्या नव्या मंडलात टाकलं होतं. नकाशावर ते जवळ दिसत होतं, हे खरंच. मधली गाडीवाट आणि तिच्यावरचा नाला नकाशावर दिसत नव्हता. पावसाळाभर तो नाला उतरायला तयार नसतो, आणि पाणी उतरलं तरी दोन्ही काठ असे उभे की रिकामी बैलबंडीसुद्धा पलीकडं जात नाही.

अक्का स्टुडिओत आली ती सरपंचाला सोबत घेऊन. तिला गावाची काळजी होतीच, पण त्याहून मोठी काळजी घरात होती. भाऊजींना, म्हणजे तिच्या नवऱ्याला, लकव्यानं उजव्या बाजूला गाठलं होतं. पेन्शनच्या कागदांसाठी, दाखल्यासाठी, अंगठ्यासाठी त्यांना स्वतः कचेरीत हजर व्हावं लागे. चारचौघांच्या मदतीशिवाय ते उठू शकत नसत. अक्कानं खुर्चीवर बसता बसताच विषय काढला.

“बोथ हाये म्हनून मी त्यायले ऑटोत बसवतो अन् नेतो. नाला वलांडून कसं नेऊ? येवढ्या दुनियेचे लग्नं काढतं तू. आमचा रस्ता काढ.”

मी म्हटलं, काढतो, त्यात काय. खड्डे दाखवतो, नाला दाखवतो, खाली दुःखी बासरी घालतो, पाहणाऱ्याच्या डोळ्यात पाणी आणतो. सरपंच खाकरला. त्यानं सांगितलं की हरकती ऐकणाऱ्या साहेबांच्या कचेरीत त्यानं आधीच विचारून पाहिलं होतं, व्हिडिओ चालेल का म्हणून. तिथल्या माणसानं विचारलं, काढणार कोण? यानं माझं नाव सांगितलं तर सगळी कचेरी हसली. माझं हेलिकॉप्टर आदिलाबादपर्यंत पोचलं होतं. बोथचा तो व्हिडिओवाला नाला दाखवेल, पण नाल्यात मगरीही सोडेल, असं कोणीतरी म्हणालं म्हणे.

मला राग आला, पण मनातून बरंही वाटलं, ते लपवत नाही. आपली कला इतकी चांगली आहे की आपल्यावर विश्वास ठेवायची सोय उरली नाही, हे ऐकायला फार कमी जणांना मिळतं. मी तिथंच ठरवलं की या फिल्मला कात्री लावायची नाही. गावाच्या पारापाशी बटण दाबायचं आणि नव्या मंडलाच्या कचेरीच्या दारात बंद करायचं. मध्ये एकही तोड नाही, गाणं नाही, बासरी नाही. जे मला येतं ते सगळं बाजूला ठेवायचं. नवा कॅमेरा अर्ध्या तासानं आपोआप बंद पडायचा, म्हणून लग्नातल्या जुन्या, खांद्यावरच्या कॅमेऱ्याचं धूड माळ्यावरून खाली काढलं, आणि त्याला जोडायला एक मोठी बॅटरी झोळीत घातली.

फिल्मच्या मध्यभागी भाऊजी असणार होते. त्यांना बंडीत बसवून खरोखर कचेरीपर्यंत न्यायचं, म्हणजे काय होतं ते दिसेल, असा अक्काचा बेत होता. पण त्यांना विचारायला मला पाठवलं. भाऊजी म्हणजे गावाचे काका, पंचक्रोशीत बैलाची पारख असलेला माणूस. बाजारात जोडी घेताना लोक त्यांना हाताला धरून न्यायचे. आता ते ओट्यावर बाजेवर असत. बोलणं सावकाश झालं होतं, पण साफ होतं. त्यांनी माझं सगळं ऐकून घेतलं.

“मी येतो,” ते म्हणाले. “पन नाल्यावर मले उचलतीन, थे दाखवाचं नाई. आख्ख्या जिल्ह्यानं मले बाजेवर पाहावं, थे मले नोको.”

मी शब्द दिला. सरपंच म्हणाला, मग उरलं काय दाखवायला? तेच तर खरं दाखवायचं आहे. शिवाय तुम्ही तोडणार नाही म्हणता, मग ते वगळणार कसं? मी म्हटलं, ते माझं मी बघतो. कसं ते मला तेव्हा माहीत नव्हतं, पण ‘माझं मी बघतो’ म्हणून मी आजवर तोंडघशी पडलेलो नाही.

त्याच दिवशी मी ती वाट चालून पाहून आलो. कुठं चाक आसापर्यंत जातं, कुठं बाभळीचे काटे अंगावर येतात, कुठं वाट संपून चिखलच आहे, सगळं डोक्यात बसवलं. इतकी खराब वाट कॅमेऱ्याला क्वचित मिळते. मी खूश होऊन घरी आलो.

पोळा होऊन गेला होता आणि पावसानं उघडीप दिली होती. ठरलेल्या सकाळी कॅमेरा खांद्यावर घेऊन मी पारापाशी पोचलो. बघतो तर बैलांच्या शिंगांना नवा रंग, अंगावर पोळ्याच्या झुली. बाया ठेवणीतल्या लुगड्यांत. पारापुढं सडा घातलेला आणि सड्यावर रांगोळी. मी म्हटलं ठीक आहे, लोकांना हौस असते. मग गावाबाहेर आलो आणि डोक्याला हात लावला.

खड्डे नव्हते. जिथं चाक बुडतं तिथं मुरूम घालून धुमसलेला होता. बाभळीच्या फांद्या छाटून एका कडेला रचल्या होत्या. चिखलाच्या जागी दगड बसवून वर माती ओढली होती. धूळ उडू नये म्हणून पाणीसुद्धा शिंपडलं होतं. गावानं आणि शेजारच्या गोंडगुड्यातल्या, म्हणजे गोंडांच्या वाडीतल्या लोकांनी, कारण यादीत त्यांचाही नंबर लागला होता, मिळून टोपल्यांनी मुरूम वाहून ती वाट आरशासारखी केली होती. मी खराब रस्त्याची फिल्म काढायला आलो होतो आणि माझ्यासमोर बोथ मंडलातला सगळ्यात चांगला कच्चा रस्ता पसरला होता.

मी ओरडलो. काय काय बोललो ते इथं लिहिण्यासारखं नाही. सरपंचाचा चेहरा पडला. त्याला वाटलं होतं मी पाठ थोपटीन.

“थो क्यामेरा साहेबापुढं जानार,” तो म्हणाला. “तसा रस्ता कसा दाखवाव? पाहुना याच्या आंधी मानूस आंगन तं झाडतेच ना. अन् काकाले बंडीत गचके नाई बसले पाह्यजे.”

मी म्हटलं, खोदा. आत्ताच्या आत्ता टिकाव आणा आणि होतं तसं करून द्या. कोणीही हललं नाही. टिकाव हातात असलेल्यांनी तो खाली ठेवला. माणसं एकमेकांकडं पाहत राहिली, जणू मी काही अभद्र बोललो होतो. शेवटी अक्का पुढं आली आणि तिनं मला सांगितलं की तिनंही टोपल्या वाहिल्या आहेत, आणि हातानं केलेला रस्ता कोणी हातानं मोडत नसतं. गुड्यातला एक म्हातारा तर मुरुमावरच बसून राहिला, म्हणजे त्याच्याखाली खोदायची कोणाची हिंमत होऊ नये.

मी पाराकडे परत आलो आणि रुसून बसलो. हरकतीची मुदत संपत आली होती. दुसऱ्या दिवसावर टाकणं शक्य नव्हतं, आणि दुसऱ्या दिवशीही रस्ता असाच राहिला असता. भाऊजी बंडीत बसून तयार होते, दाढी केलेली, टोपी नवी. त्यांनी माझ्याकडं पाहिलं आणि चल म्हणून मान हलवली. मग माझ्या डोक्यात आलं की तोड नसलेल्या फिल्ममध्ये लपवता काहीच येत नाही, हा रस्तासुद्धा नाही. तर मग लपवायचा कशाला? मी उठलो आणि बटण दाबलं.

मी बंडीपुढं उलटा चालत होतो आणि सरपंच माझ्या कमरेचा पट्टा मागून धरून मला वाट सांगत होता, गोटा हाये, डावीकडं या, आता उतार हाये. बंडीत भाऊजी, बाजूनं अक्का, मागं सगळं गाव. जिथं जिथं मला खड्डा आठवत होता तिथं मी थांबायचो आणि कॅमेऱ्यामागून विचारायचो, इथं काय होतं? लोक एका सुरात सांगायचे, खड्डा. केवढा? बंडीचं चाक जाये येवढा. कोणी बुजवला? आमी. हे ‘आमी’ म्हणताना प्रत्येकाची छाती फुगत होती. माझा आवाज रागाचा आहे, तो फिल्ममध्ये स्पष्ट ऐकू येतो. काढून टाकता आला असता तर मी काढला असता, पण कात्री लावायची नाही असं मीच म्हटलं होतं.

असं करत आम्ही नाल्यावर आलो. इथं मुरूम संपला. नाला कोणाला बुजवता आला नव्हता. पाणी मांडीपर्यंत आणि गढूळ. बैल सोडले. बंडीच्या मागं बांधून आणलेली बाज काढली आणि चौघं जण पुढं झाले. मी पाण्यात उतरलो, पलीकडच्या काठावर एक पळसाचं झाड होतं त्याच्यावर कॅमेरा रोखला आणि पाठ फिरवून उभा राहिलो. भाऊजींना दिलेला शब्द असा पाळायचा, हे मला त्या क्षणी सुचलं. कॅमेरा चालू, तोड नाही, आणि पडद्यावर फक्त झाड. मागं काय झालं ते मी पाहिलं नाही. माझ्या कानांवर हेडफोन होते, त्यामुळं ऐकलं मात्र सगळं. खांदा भरून आला तरी मी ते धूड हलू दिलं नाही, आणि माझ्या आयुष्यातला सगळ्यात स्थिर शॉट मी असा नाल्यात उभं राहून घेतला.

पलीकडं जाऊन त्यांना तिथं आधीच आणून ठेवलेल्या दुसऱ्या बंडीत बसवलं. तिकडची वाट गावानं हातात घेतलेली नव्हती, त्यामुळं ती मात्र मनासारखी खराब होती. नव्या कचेरीच्या दारात, जिथं अजून पाटीचा रंगही सुकला नव्हता, मी बटण बंद केलं. पाटीवरची अक्षरं वेडीवाकडी होती. माझ्याकडं काम आलं असतं तर तशी झाली नसती.

हरकतीच्या दिवशी मी, अक्का आणि सरपंच आदिलाबादला गेलो. बाहेर गावोगावची माणसं बसली होती. साहेब तेलुगू बोलणारे, शांत, सकाळपासून तेच तेच ऐकून थकलेले. त्यांनी सांगितलं, वेळ कमी आहे, मुख्य भाग तेवढा दाखवा. मी म्हटलं, सार, भाग दाखवला तर तुमचीच माणसं म्हणतील की मी जोडलाय. दाखवायची तर सगळी.  साहेब म्हणाले, पळवा. मी ती पळवायला लावली. बंडी तुरुतुरु धावू लागली, सरपंचाचा हात माझ्या पट्ट्याला धरून कॅमेरा डावी-उजवीकडं ओढू लागला.

साहेबांनी थोडं पाहिलं आणि हसून म्हणाले, रस्ता तर छान आहे की. सरपंचानं मान खाली घातली. मी थांबवून त्यांना ते ‘कोणी बुजवला’ ऐकवलं आणि काय झालं ते सरळ सांगून टाकलं. साहेबांना ते पटलं, पण त्यांनी विचारलं ते नेमकं विचारलं. कॅमेऱ्यासाठी दोन दिवसांत रस्ता होतो, तर इतकी वर्षं स्वतःसाठी का केला नाही?  अक्कानं सरळ मराठीत सांगितलं.

“आमाले खड्डे ठाऊक हायेत. अंधारातही पाय बरोबर पडते. बाहेरच्याले ठाऊक नसते ना.”

सरपंचानं ते तेलुगूत केलं. साहेबांनी चष्मा काढला आणि पुन्हा घातला. मी फिल्म पुढं पळवली. पडद्यावर झाड आलं आणि तिथंच राहिलं. इतकं धावणारं चित्र एकदम ठप्प झाल्यावर साहेबांना वाटलं, मशीन अडकलं. मी म्हटलं, नाही सार, चालू आहे. मग हे काय दाखवताय? मी ती मागं नेऊन साध्या वेगानं लावली आणि आवाज वाढवला.

पाण्याचा खळखळाट. ‘सोबत उचला’ असं कोणीतरी म्हणालं. बाजेच्या सुतळ्या कुरकुरल्या. मग भाऊजींचा सावकाश आवाज, हळू चला रे, मी काई पळून चाल्लो नाई. चौघंही हसले. हसता हसता एकाचा पाय घसरला, पाणी जोरात उडालं, अक्काची बांगडी कशावर तरी आपटली, आणि नुसतं पाणीच ऐकू येत राहिलं. पडद्यावर पळसाचं झाड. बऱ्याच वेळानं कोणी धापा टाकत म्हणालं, धरलं, धरलं, काका, भिजले तं नाई? आणि भाऊजी म्हणाले, मी नाई भिजलो, तुमीच भिजले.

 साहेबांनी विचारलं, हे काय होतं? अक्का म्हणाली, आमच्या यांना उचलून नेत होते, त्यांचं म्हणणं होतं की ते दाखवू नये. साहेब बराच वेळ झाडाकडं बघत राहिले. दार आलं, फिल्म संपली. मग त्यांनी एवढंच विचारलं की परत कसं आणलं? हे मात्र आमच्या कोणाच्याच ध्यानात आलं नव्हतं. सरपंच चाचरत म्हणाला, ऑटोनं, सार. फिरून, बोथवरून. साहेब हसले नाहीत. त्यांनी कागदावर काहीतरी लिहिलं आणि पुढच्या गावाला आत बोलावलं.

पक्की यादी लागली तेव्हा अक्काचं गाव बोथमध्येच राहिलं होतं, गुडासुद्धा. सरपंच म्हणतो, आमदाराच्या माणसाला भेटलो होतो त्यामुळं झालं. कोणी म्हणतं, इतर गावांच्याही हरकती होत्या. मी म्हणतो, फिल्ममुळं झालं, आणि यावर मी वाद घालत नाही. अक्कानं पेढे वाटले. अख्ख्या खटाटोपात पहिल्यांदा तिचा चेहरा सैल झालेला मी पाहिला. त्यानंतरच्या कागदासाठी तिनं भाऊजींना नेहमीसारखं ऑटोत बसवलं आणि बोथला नेऊन दुपारच्या जेवणाला घरी आणलं.

गावाला फिल्म पाहायची होती. शाळेच्या टीव्हीला जोडून एका रविवारी लावली. मी म्हटलं, पळवू का? सगळे म्हणाले, नाही, पूर्ण. प्रत्येक बुजवलेल्या खड्ड्याला टाळ्या पडल्या. माझ्या रागावलेल्या आवाजाला तर फारच. झाड आलं तेव्हा मात्र सगळे गप्प बसून ऐकत राहिले, आणि ‘तुमीच भिजले’ला त्या चौघांतला एक जण डोळे पुसत बाहेर गेला. भाऊजी पुढं खुर्चीवर होते. त्यांनी मान वळवून कोणाकडं पाहिलं नाही.

संपल्यावर लोक पांगले. मी वायरी गुंडाळत होतो. भाऊजींनी मला जवळ बोलावलं. मला वाटलं, शब्द पाळल्याबद्दल काही बोलतील, आणि खरं सांगायचं तर मी त्याची वाट पाहत होतो.

“झाड काऊन दाखवलं?” ते म्हणाले. “चौघायनं मले थेंब लागू देल्ला नाई. थे कोनाले दिसलंच नाई.”

मी म्हटलं, भाऊजी, तुम्हीच तर नको म्हणाला होतात.  

“हो, मीच म्हनलो,” ते म्हणाले. “तवा मले वाटे का पाहनाऱ्याले मीच दिसीन.”